आर्मांदच्या सलूनमधला टकला शिकाऊ

व्हिलर्नेत बायकांचे केस करणारी एकच बाई होती, आर्मांद ब्रेशे. छत्तीस वर्षं ती एकाच जागी उभी होती. एका बाजूला बेकरी, दुसऱ्या बाजूला औषधांचं दुकान आणि मध्ये तिचं सलून: दोन खुर्च्या, केस वाळवायचे दोन ड्रायर आणि बियाण्यांच्या कंपनीचं एक कॅलेंडर. आमच्या गावातल्या दोन पिढ्यांची डोकी तिच्या हाताखालून गेली होती आणि डोक्यांतलं जे काही होतं ते तिच्या कानांवरून गेलं होतं.

त्या ड्रायरची एक गंमत होती. त्याचा तो घंटेसारखा टोप डोक्यावर उतरला आणि आत वारा घोंघावू लागला की बाईला स्वतःचाच आवाज ऐकू यायचा नाही. तिला वाटायचं, आपण शेजारणीच्या कानात कुजबुजतोय. आणि प्रत्यक्षात ती बैल हाकल्यासारखी ओरडत असायची. गुरुवारी दुपारी बेकरीतली रांग उगाच लांबायची. पाव हातात पडला तरी लोक हलायचे नाहीत.

आर्मांदची स्वतःबद्दल एक समजूत मात्र पक्की होती. ‘‘मी काय, मी नुसती ऐकते,’’ ती म्हणायची. ‘‘आमचा धंदाच असा. तोंड बंद, कात्री चालू.’’ हे ती ज्याला सांगायची तो मान डोलवायचा. मध्ये बोलायला फट मिळाली असती तर त्याने आणखी काही सांगितलंही असतं.

तिचा नवरा फर्नाँ रेल्वेच्या फाटकावर नोकरीला होता. शांत माणूस. त्याला जाऊन नऊ वर्षं झाली होती.

तर, १९८४ सालच्या ऑक्टोबरातल्या एका मंगळवारी सलूनचं दार उघडलं आणि एक पुरुष आत आला. सत्तेचाळीस-अठ्ठेचाळीसचा, उंच, वाकलेला आणि डोक्यावर औषधालाही केस नाही.

आर्मांदने त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. ‘‘हे बायकांचं सलून आहे. आणि पुरुषांचं असतं तरी ह्या डोक्याचं मी काय केलं असतं? फार तर फडक्याने पुसून दिलं असतं.’’

‘‘माझं नाव जिल्दास केर्व्हेनो,’’ तो म्हणाला. ‘‘मी टीव्हीसाठी फिल्म करतो. पॅरिसहून आलोय.’’

‘‘कसली फिल्म?’’

‘‘बोलण्याची.’’

‘‘म्हणजे?’’

‘‘लोक बोलतात. बस्स. खून नाही, पाठलाग नाही, कुणी कुणाच्या प्रेमात पडत नाही. रोजचं बोलणं, जसं बोलतात तसं.’’

‘‘आणि हे लोकांनी का बघायचं?’’

जिल्दासने जरा विचार केला. ‘‘ते मलाही अजून कळलेलं नाही,’’ तो म्हणाला.

हे उत्तर आर्मांदला आवडलं. त्याला कोपऱ्यात बसून बायकांचं बोलणं वहीत उतरवून घ्यायचं होतं. नावं बदलणार होता. तिने कोपऱ्यातल्या स्टुलावरची मासिकं उचलली आणि त्याला बसवलं. दुपारच्या बारापर्यंत ही बातमी चर्चच्या चौकापलीकडे पोचली होती. कशी पोचली, कोण जाणे. आर्मांद तर नुसती ऐकत होती.

आणि तिथेच सगळं फसलं.

दुसऱ्या दिवशी औषधवाल्याची बायको मादाम क्लोतिल्द प्वारेल आली ती घरून केस करूनच! सलूनमध्ये जायचं म्हणून तिने पहाटे उठून केस कुरळे करायच्या नळ्या लावल्या होत्या. खुर्चीत बसून तिने खिडकीबाहेर नजर लावली आणि रेडिओवरच्या बाईच्या आवाजात म्हणाली, ‘‘शरद ऋतूत झाडं किती विचारमग्न दिसतात, नाही?’’

आर्मांदच्या हातातला कंगवा थांबला. गेली तीस वर्षं ह्या बाईने तिच्या नणंदेखेरीज आणि पायांच्या फुगलेल्या शिरांखेरीज दुसरा विषय काढला नव्हता.

मग निवृत्त शाळामास्तरीण आल्या, मादमोआझेल एव्हरार. त्या अविवाहित, ताठ आणि आयुष्यभर शुद्ध बोलत आलेल्या. पण त्या दिवशी त्यांनी अशी अशी क्रियापदं वापरली, की जी व्याकरणाच्या पुस्तकाबाहेर कुणी जिवंत पाहिली नव्हती. आणि शेवटी रॉबेर्त लाशोम. ही शेळ्या पाळायची, चीज करून विकायची आणि आर्मांदची शाळेपासूनची मैत्रीण होती. तिचं तोंड म्हणजे फुटलेलं धरण. तिने आत येताच विचारलं, ‘‘कॅमेरा कुठाय?’’ आणि कॅमेरा नाहीच म्हटल्यावरही तासभर मान एका बाजूला वळवून बसून राहिली. तिची ती बाजू जास्त चांगली दिसते असं तिला कुणीतरी १९४९ साली सांगितलं होतं.

शुक्रवारी संध्याकाळी दुकान बंद करताना जिल्दासने वही पुढे केली. चार दिवसांत एकच ओळ होती: झाडं विचारमग्न.

‘‘मी उद्या जातो परत,’’ तो म्हणाला. ‘‘सगळीकडे हेच होतं. मी ऐकतोय म्हटलं की माणसं बोलायची थांबतात आणि भाषण करायला लागतात.’’

‘‘तुमचं सोडा हो, माझं काय?’’ आर्मांद कडाडली. ‘‘आठवडा झाला, मला गावातलं काही म्हणजे काही कळलेलं नाही. नदीकाठचं घर कुणी घेतलं माहीत नाही. पोस्टमनची बायको माहेरी का गेली माहीत नाही. अशाने मी आजारी पडेन!’’ मग ती खुर्चीच्या हातावर टेकली आणि बोटाने गाल खाजवू लागली. आर्मांद गाल खाजवू लागली की जवळच्या माणसांनी सावध व्हावं असा गावातला अनुभव होता. पण जिल्दास परका होता.

‘‘उद्या येऊ नका,’’ ती म्हणाली. ‘‘मंगळवारी या. आणि बूट जरा जुने घाला.’’

शनिवारी सकाळी तिने रॉबेर्तला ड्रायरखाली बसवलं, टोप खाली केला आणि अगदी खासगीतलं म्हणून सांगितलं. खासगी गोष्ट ड्रायरखालच्या बाईला सांगायची तर ओरडूनच सांगावी लागते.

‘‘त्या बिचाऱ्याला काढून टाकलं!’’

‘‘कुणाला?’’

‘‘टीव्हीवाल्याला! फिल्म रद्द! नोकरी गेली! वर बायकोने बॅग दाराबाहेर ठेवली!’’

‘‘अगं बाई! मग आता?’’

‘‘ह्या वयात काय करणार? काहीतरी हातातलं शिकायला हवं. मी त्याला शिकाऊ म्हणून ठेवून घेतलाय! पण कुणाला बोलू नकोस!’’

पलीकडे बेकरीत कुणीतरी हळूच ‘‘अरेरे’’ म्हणालं.

रविवारच्या प्रार्थनेपर्यंत बायको एका दाताच्या डॉक्टरबरोबर पळून गेली होती. सोमवारी ती दोघं तूलाँला समुद्रकाठी राहत होती. हा दाताचा डॉक्टर आर्मांदने रचलेला नव्हता, तिची शपथ. तो मादाम प्वारेलचा असावा. जिल्दासला मुक्कामाच्या खाणावळीत मालकिणीने डोळे पुसत दुप्पट सूप वाढलं तेव्हा हे कळलं. त्याने घाबरून पॅरिसला बायकोला फोन लावला.

‘‘तू एका दाताच्या डॉक्टरबरोबर पळून गेली आहेस,’’ तो म्हणाला.

पलीकडून ती म्हणाली, ‘‘दिसायला कसा आहे?’’

मंगळवारी आर्मांदने त्याला गुलाबी ॲप्रन बांधला. पहिली पाच मिनिटं दुखवट्यासारखी गेली. मग मादाम प्वारेल त्याच्या हाताखाली डोकं धुवून घेताना डोळे मिटूनच म्हणाली, ‘‘पुरुष सगळे सारखेच, पण बायकाही काही कमी नसतात हो. माझी नणंदच बघा.’’ आणि बांध फुटला.

दया आली की माणूस सैल होतो. नोकरी गेलेल्या, बायको पळालेल्या, टक्कल पडलेल्या शिकाऊसमोर कसली लाज? तो केस धुवायचा, नळ्या हातात द्यायचा, फरशी झाडायचा. वही मागच्या खोलीत टॉवेलांच्या कपाटात होती. दर दहा मिनिटांनी तो टॉवेल आणायच्या निमित्ताने आत पळायचा, घाईघाईने लिहायचा आणि बाहेर यायचा. केस कुरळे करायच्या पर्मच्या औषधाच्या वाफेने त्याचे डोळे लाल झालेले असायचे.

‘‘बिचारा,’’ मादमोआझेल एव्हरार म्हणायच्या. ‘‘पुन्हा रडून आला.’’

‘‘दिवसातून वीस वेळा रडतो गं,’’ रॉबेर्त म्हणायची. ‘‘त्या भवानीवर भारीच जीव दिसतोय. अहो मस्यो जिल्दास, इकडे बघा. माझी एक चुलतबहीण आहे. विधवा. घर स्वतःचं, दहा शेळ्या आणि बत्तीसच्या बत्तीस दात जागच्या जागी. त्या खात्यातली काही भीतीच नको!’’

जिल्दास टॉवेल आणायला पळाला.

गावाने त्याला खाऊ घालायला घेतलं. रॉबेर्तचं चीज, भोपळ्याची कचोरीसारखी भरलेली पोळी, मादाम प्वारेलने केलेला मोहरीतला ससा. मादमोआझेल एव्हरारांनी आपल्या दिवंगत भावाचा कोट दिला आणि वर, ‘‘खिशात हात घालू नका, आकार जातो,’’ अशी सूचनाही. महिन्याभरात ॲप्रनची नाडी पुढे बांधता येईना.

आणि बोलणं? बोलणं तर धो धो.

‘‘कुणाला सांगू नकोस,’’ ड्रायरखालून मादाम प्वारेल गरजली, ‘‘आमचे हे अख्ख्या गावाला खोकल्याची बाटली विकतात, आणि स्वतःला खोकला झाला की माझ्या आईचा कांद्याचा काढा पितात!’’ भिंतीपलीकडे औषधांच्या दुकानात तीन गिऱ्हाइकं होती. त्यांनी आपापल्या बाटल्या हळूच काउंटरवर परत ठेवल्या.

‘‘चाळीस वर्षं मी ह्या गावाला शुद्धलेखन शिकवलं,’’ मादमोआझेल एव्हरार म्हणाल्या. ‘‘काल नगरपालिकेचं पत्र आलं. माझंच नाव चुकीचं.’’

‘‘कुणी लिहिलं?’’

‘‘माझ्याच विद्यार्थ्याने. पण अक्षर छान होतं.’’

रॉबेर्त काय बोलायची ते इथे लिहिता येत नाही. तिच्या शेळ्या, तिचा बोकड आणि तिचा नवरा ह्यांच्याविषयी ती एकाच दमात बोलायची, आणि कुठलं वाक्य कुणाविषयी आहे ते ऐकणाऱ्याने ओळखायचं.

डिसेंबरातल्या एका दुपारी पाऊस लागला होता आणि गिऱ्हाईक नव्हतं. आर्मांद फरशी झाडत होती आणि झाडता झाडता बोलत होती: मिठाचे भाव, पाद्रीबुवांची मोटार, मग तिथून रेल्वेचं फाटक आणि फाटकावरून फर्नाँ.

‘‘संध्याकाळी घरी गेले की मी त्याला दिवसभरातलं सगळं सांगायची. तो खिडकीकडे तोंड करून जेवायचा. एकोणतीस वर्षं. गेला तेव्हा लोक म्हणाले, अबोल माणूस होता. पण तसा नव्हता तो. मध्येच कधीतरी तोंड उघडायचा. घास नसायचा तोंडात, तरी उघडायचा. आणि मी...’’

ती थांबली. केसांचा छोटा ढीग तिने ह्या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात लोटला आणि मग तिथून पुन्हा इकडे आणला.

त्या वेळी जिल्दास टॉवेल आणायला गेला नाही.

नाताळच्या आधी तो निघाला. ‘‘पॅरिसला सलूनमध्ये नोकरी लागली,’’ आर्मांदने जाहीर केलं. बायकांनी सगळ्यांनी मिळून त्याला निरोपाची भेट दिली: चांगल्या पोलादाची कात्री, मखमली डबीत. जिल्दासचा चेहरा पडला.

‘‘आता खरं सांगून टाकू या,’’ तो मागच्या खोलीत म्हणाला.

‘‘डोकं फिरलंय का? मला गाव सोडावं लागेल. आणि तुमची ती फिल्म बघणार आहे कोण? नुसतं बोलणं! तुम्हीच म्हणालात.’’

वर्ष गेलं. पुढच्या ऑक्टोबरात एका सकाळी आर्मांद पाव आणायला गेली, तर बेकरीच्या काचेवर कागद चिकटवलेला. नगराध्यक्षांनी अभिमानाने कळवलं होतं, की आपल्या गावावरून सुचलेली ‘मंगळवार ते शनिवार’ ही फिल्म टीव्हीवर येण्याआधी रविवारी दुपारी तीन वाजता नगरपालिकेच्या सभागृहात दाखवली जाईल, दिग्दर्शक हजर राहतील. खाली दिग्दर्शकाचा फोटो होता. फोटोसमोर रॉबेर्त उभी होती.

‘‘आर्मांद,’’ ती अगदी शांत आवाजात म्हणाली. ती शांत आवाजात बोलली म्हणजे वादळच. ‘‘हा तर आपला शिकाऊ.’’

आर्मांदने दोन पाव घेतले आणि काही न बोलता घरी गेली. हे गावात सगळ्यांनी पाहिलं आणि तेव्हाच लोकांना खात्री पटली की हिचा हात आहे.

रविवारी सभागृहात उभं राहायला जागा नव्हती. पहिल्या रांगेत आपल्या बायका, हातांच्या घड्या घालून. आर्मांद टोकाला, दाराजवळ. दिवे गेले. पडद्यावर एक सलून आलं, आपल्यापेक्षा मोठं, चार ड्रायरचं, आणि लोक बोलू लागले. बस्स, बोलू लागले.

प्रथम कुणी हसेना. मग पडद्यावरची एक जाडजूड बाई ड्रायरखालून कांद्याच्या काढ्याबद्दल गरजली आणि सगळं सभागृह एकाच वेळी औषधवाल्याकडे वळलं. त्या बिचाऱ्याला नेमका तेव्हाच खोकला आला. मग काय! छप्पर उडायचं बाकी राहिलं. दुसऱ्याचं वाक्य आलं की लोक मांड्या बडवून हसत होते आणि स्वतःचं आलं की पडद्याकडे टक लावून गप्प. शुद्धलेखनाचं वाक्य एका पंचविशीतल्या देखण्या नटीला दिलं होतं. मादमोआझेल एव्हरारांनी चष्मा पुसून पुन्हा लावला. ‘‘चूक आहे,’’ त्या पुटपुटल्या, ‘‘पण अक्षम्य नाही.’’

पडद्यावरची सलूनवाली मात्र एक क्षण थांबत नव्हती. कात्री चालू आणि तोंड त्याहून चालू. गिऱ्हाइकाने ‘मी’ म्हणावं आणि हिने त्याचं आयुष्य सांगून पूर्ण करावं.

‘‘ही कोण बया?’’ आर्मांद शेजारच्या मादमोआझेल एव्हरारांच्या कानात म्हणाली. ‘‘तोंडाला जरा विश्रांती म्हणून नाही! असल्या बाईकडे कोण जाईल?’’

मादमोआझेल एव्हरारांनी तिच्याकडे बघितलं. ‘‘आर्मांद, ही तू आहेस.’’

‘‘मी? छे! मी तर नुसती ऐकते.’’

पहिली रांग ह्या वाक्याला जितकी हसली तितकी अख्ख्या फिल्मला हसली नाही. मागच्यांनी विचारलं, काय झालं, काय झालं. वाक्य मागे मागे जात गेलं आणि शेवटच्या रांगेत पोचलं तेव्हा खुद्द नगराध्यक्ष रुमालाने डोळे टिपत होते. आर्मांदचे कान तापले. तिने पडद्याकडे पाहिलं, ती बाई बडबडत होती. हात कमरेवर ठेवून, मान तिरकी करून, अगदी तिच्यासारखी. छत्तीस वर्षं समोर आरसा होता आणि त्यात तिने फक्त दुसऱ्यांची डोकी बघितली होती.

मग पडद्यावर पाऊस आला. दुपार, रिकामं सलून. ती बाई झाडू घेऊन नवऱ्याबद्दल बोलू लागली. ‘‘...तरी उघडायचा. आणि मी...’’ आणि ती गप्प झाली. पूर्ण एक मिनिट. नुसता झाडूचा आवाज. केसांचा ढीग तिकडून इकडे आणि इकडून तिकडे.

सभागृहात कुणी खोकलंही नाही. आर्मांद आपल्या हातमोज्यांकडे बघत बसली होती. गावातल्या कुणीही तिच्याकडे वळून पाहिलं नाही. आमच्या गावात एवढं शहाणपण त्याआधी कधी दिसलं नव्हतं, आणि नंतरही क्वचितच.

दिवे लागले तसं शहाणपण संपलं. जिल्दासला पहिल्या रांगेने घेरलं. त्याच्या शेजारी एक उंच, हसऱ्या डोळ्यांची बाई उभी होती.

‘‘ही कोण?’’ मादाम प्वारेलने विचारलं.

‘‘मी दाताच्या डॉक्टरबरोबर पळालेली,’’ ती बाई म्हणाली.

‘‘म्हणजे... म्हणजे तुम्ही सुखात आहात?’’ मादाम प्वारेलचा आवाज चिरकला. ‘‘आणि मी मोहरीतला ससा दिला होता! टाकलेल्या नवऱ्याला दिला होता तो! बायको नांदत असलेल्या माणसाला मी सूपसुद्धा दिलं नसतं!’’

‘‘आणि माझ्या भावाचा कोट,’’ मादमोआझेल एव्हरार म्हणाल्या. ‘‘खिशात हात घातलेत. मला दिसतंय.’’

सगळ्यांना बाजूला सारत रॉबेर्त पुढे आली. ‘‘ससा खड्ड्यात गेला. माझं एक वाक्य नाही! दीड तास बसले मान वाकडी करून, एक वाक्य नाही! तीन महिने घसा फोडला मी तुमच्यापुढे!’’

जिल्दासने घाईने खिशातले हात बाहेर काढले. ‘‘मादाम लाशोम, तुमची बत्तीस पानं होती. सगळ्यांत चांगली. मी ती टीव्हीवाल्यांना दिली. त्यांनी वाचली, दार लावून पुन्हा वाचली, आणि म्हणाले, हे संध्याकाळी साडेआठला दाखवलं तर सरकार पडेल.’’

रॉबेर्तचा चेहरा हळूहळू उजळत गेला. ‘‘माझ्यावर बंदी आली?’’

‘‘तसंच म्हणा.’’

‘‘ऐकलंत का गं!’’ ती सभागृहाकडे वळली. ‘‘माझ्यावर बंदी आली!’’

पण मादाम प्वारेल एवढ्यावर थांबणारी नव्हती. ‘‘हे सगळं रचलं कुणी?’’

‘‘मी,’’ जिल्दास म्हणाला. सभ्य माणूस होता.

‘‘तुमची काय बिशाद!’’ आर्मांद दाराजवळून म्हणाली. ‘‘मी रचलं. आणि वेळ आली तर पुन्हा रचेन. आठवडाभर झाडं विचारमग्न होती तेव्हा काय अवस्था झाली होती माझी, आहे कुणाला काळजी?’’

बायकांनी त्यानंतर तिच्यावर बहिष्कार घातला. गुरुवारची बस भरून त्या तालुक्याच्या गावी नव्या सलूनला जाऊ लागल्या. तिथे भिंतभर आरसे होते, कॉफी फुकट होती आणि गाणी एवढ्या मोठ्याने लावलेली, की शेजारणीचं बोलणं ऐकू येऊ नये. तिथली मुलगी कुणाला काही विचारायची नाही. मादाम प्वारेल परत आली ती फुलकोबीसारखं डोकं घेऊन, आणि त्याहून वाईट म्हणजे नणंदेचं एक नवंकोरं प्रकरण पोटात तसंच घेऊन.

इकडे आर्मांदने त्या दोन आठवड्यांत एक नवा उद्योग केला: गप्प बसायचा सराव. रिकाम्या खुर्चीपुढे उभी राहायची आणि ओठ मिटून मनात शंभर मोजायची. सत्तावीसच्या पुढे काही केल्या जाता येईना.

तिसऱ्या मंगळवारी दार उघडलं. रॉबेर्त.

‘‘मी केसांसाठी नाही आलेय,’’ ती खुर्चीत धपकन बसत म्हणाली. ‘‘बोलायला आलेय. वाटलं तर केस काप.’’

आर्मांदने मान हलवली, कात्री घेतली आणि मोजायला लागली. एक, दोन, तीन. रॉबेर्तने बोकडाची तब्येत सांगितली. अकरा, बारा. नदीकाठच्या घराचं सांगितलं. एकवीस, बावीस. मग रॉबेर्तने आरशातून तिच्याकडे रोखून पाहिलं.

‘‘काय गं, बरं नाहीये का तुला?’’

‘‘ऐकतेय,’’ आर्मांद म्हणाली.

‘‘कशाला? तुला कुणी सांगितलं ऐकायला? मी एकटीच बोलतेय वेड्यासारखी! तू बोलत नसलीस तर मी मध्येच तोडू कुणाला? बोल की!’’

आर्मांदने एक मोठा श्वास घेतला आणि दोन आठवड्यांचं सगळं साठलेलं बोलून टाकलं. गुरुवारी बस रिकामी गेली.

जिल्दासला मात्र सुटका नव्हती. बायकांनी बसून निवाडा केला: ह्याने शिकाऊ म्हणून आमचं खाल्लं, तेव्हा एक शनिवार येऊन खरं काम करून द्यावं, आम्ही दिलेल्या कात्रीने. तो बिचारा निमूट आला. गुलाबी ॲप्रन बांधला. मादाम प्वारेलची एक बाजू दुसरीपेक्षा दोन बोटं आखूड कापली; तिने ती शौर्यपदकासारखी मिरवली.

आणि त्या शनिवारी त्यांनी त्याला मस्यो ग्रँबेर दिला.

सुरुवात मादमोआझेल एव्हरारांनी केली, म्हणून तर तो फसला. त्या खोटं बोलतील असं कुणाला वाटणार? ‘‘पवनचक्कीमागचे मस्यो ग्रँबेर हल्ली फार खचलेत,’’ त्या म्हणाल्या.

‘‘खचतील नाही तर काय,’’ मादाम प्वारेल म्हणाली. ‘‘चौथ्यांदा नकार आला.’’

‘‘सर्कशीत सिंह सांभाळलेला माणूस,’’ रॉबेर्त म्हणाली, ‘‘पण बाईपुढे शेळी. अजून चाबूक उशाशी घेऊन झोपतो. मला कसं माहीत ते विचारू नका.’’

जिल्दास टॉवेल आणायला पळाला. दुपारपर्यंत ग्रँबेरने दोन बायकांना एकाच दिवशी मागणी घातली होती, एक पोपट पाळला होता आणि पाद्रीबुवांशी अबोला धरला होता. अठ्ठावीस टॉवेल झाले. आर्मांदने सकाळपासून केसांच्या पिना ओठांत धरून ठेवल्या होत्या. तोंड उघडलं असतं तर हसू फुटलं असतं. तिचा गप्प बसण्याचा तो एकमेव पूर्ण दिवस.

मार्चमध्ये पॅरिसहून पत्र आलं. मस्यो ग्रँबेर ह्यांच्यावर नवी फिल्म करायचा विचार आहे, त्यांची भेट घडवून द्याल का? सलूनमध्ये धावपळ उडाली. शेवटी उत्तर लिहायचं काम मादमोआझेल एव्हरारांकडे गेलं. त्यांनी एकही चूक न करता कळवलं, की कळविण्यास अत्यंत दुःख होते, मस्यो ग्रँबेर गेल्या बुधवारी शांतपणे निवर्तले. पोपट दुःखी आहे.

आठवड्याभराने स्टेशनवरून एक भलामोठा गोल खोका आला. आत पुष्पचक्र होतं, पांढऱ्या फुलांचं, थेट पॅरिसहून आलेलं. त्यावर जांभळी फीत, फितीवर सोनेरी अक्षरं. आर्मांदने ती मोठ्याने वाचली:

‘‘मस्यो ग्रँबेर ह्यांस आदरपूर्वक. मी तुम्हाला कधी भेटलो नाही, आणि ह्या चौघीही भेटल्या नाहीत.’’

मग चौघी एकमेकींकडे बोट दाखवून एकदम बोलू लागल्या. ‘‘पोपट जास्त झाला!’’ ‘‘चाबूक कुणी काढला आधी?’’ ‘‘मी म्हटलं होतं, बुधवारी मारू नका, बुधवारी कुणी मरत नाही!’’ भांडण जुंपलं ते दुकान बंद व्हायच्या वेळेपर्यंत पुरलं, आणि त्यात आर्मांदचा आवाज सगळ्यांच्या वर होता.

पुष्पचक्र टाकवेना. ते त्यांनी दोन ड्रायरच्या मधल्या भिंतीवर लावलं. गरम वाऱ्याने जूनपर्यंत वाळून कडक झालं.

आर्मांदने पुढे सात वर्षं सलून चालवलं आणि मग गुडघे थकले म्हणून चावी दुसऱ्या बाईच्या हातात दिली. आता ती रोज सकाळी गिऱ्हाईक म्हणून येते, केस असोत नसोत. मस्यो ग्रँबेरचं म्हणाल तर रॉबेर्तने जुलैच्या जत्रेत त्याच्याबरोबर दोन नाच केल्याचं ती शपथेवर सांगते. मादाम प्वारेलच्या म्हणण्याप्रमाणे त्याची खोकल्याची बाटली त्यांच्याच दुकानातून जायची. आर्मांद सांगते, तिने त्याचे केस कापले होते, मागच्या दाराने यायचा, लाजाळू होता, टाळूवर दोन भोवरे होते. माझी आईही त्याला ओळखायची.